विंगेतली मुलं

मार्गशीर्ष वद्य चतुर्दशीला माळेगावच्या खंडोबाची यात्रा भरते. गाव नांदेड जिल्ह्यातलं, लोहा तालुक्यातलं. पण गंगाखेड, पालम, पूर्णा या परभणीच्या तालुक्यांतली माणसं ही यात्रा आपलीच धरतात. दिवसा घोडे, गाढवं, लाल कंधारी बैल आणि घोंगड्यांचा बाजार. रात्री तमाशाचे फड. तंबूच्या पुढच्या अंगाला तिकिटाची खिडकी, रोषणाई आणि कर्ण्यावरून हाका. मागच्या अंगाला फडाचा ट्रक उभा असतो. त्याच्या आडोशाला पत्र्याच्या पेट्या, तीन दगडांची चूल, दोरीवर वाळत टाकलेले नऊवारी शालू. ट्रकच्या खाली, दोन चाकांच्या मध्ये, लुगड्याची झोळी बांधलेली. आत मूल. आई आत गण-गवळणीला उभी असते. ढोलकी चढली की मूल चाळवतं आणि सात-आठ वर्षांची बहीण झोळीला झोका देत राहते. शाळा कुठली, असं त्या पोरीला विचारलं तर ती गावाचं नाव बरोबर सांगते. शेवटची कधी गेलीस, असं विचारलं की उत्तर दसऱ्याच्या मागे जातं, कारण फड दसऱ्याला बाहेर पडतो तो बुद्धपौर्णिमेपर्यंत घरी येत नाही.

मराठी रंगभूमीचा आणि सिनेमाचा इतिहास बहुतेक तंबूच्या पुढच्या अंगाने लिहिला गेला आहे. पहिला प्रयोग कुठे झाला, किती वन्समोअर मिळाले, पदकं कुणी दिली, हे सगळं त्यात सापडतं. झोळीच्या बाजूने पाहिलं तर तोच इतिहास जरा वेगळा दिसतो. विशेषतः १९११ ते १९१३ ही तीन वर्षं.

१२ मार्च १९११. मुंबईच्या ग्रँट रोडवरच्या रिपन थिएटरात किर्लोस्कर नाटक मंडळीच्या 'संगीत मानापमान'चा पहिला प्रयोग होता. नाटक कृष्णाजी प्रभाकर खाडिलकरांचं, चाली गोविंदराव टेंब्यांच्या, आणि भामिनीच्या भूमिकेत बालगंधर्व, म्हणजे नारायणराव राजहंस. ते तेव्हा जेमतेम बावीस वर्षांचे होते. जाहिराती लागल्या होत्या, तिकिटं गेली होती. त्याच दिवशी त्यांची मुलगी वारली. प्रयोग पुढे ढकलावा असं मंडळीतल्या जाणत्यांचं मत पडलं. नारायणरावांनी ते मानलं नाही. आलेल्या प्रेक्षकांचा विरस होऊ नये म्हणून त्यांनी तोंडाला रंग लावला, शालू नेसला आणि भामिनी उभी केली. नाटक गाजलं. इतकं गाजलं की मराठी संगीत नाटकाचा सुवर्णकाळ कधी सुरू झाला असं कुणी विचारलं तर जाणकार ही तारीख दाखवतात.

ही गोष्ट मराठी घरांत पिढ्यान् पिढ्या सांगितली जाते. शाळांतल्या भाषणांत आणि नाट्यसंमेलनांच्या व्यासपीठांवर ती हमखास येते. सांगणाऱ्याचा गळा दाटतो तो बालगंधर्वांच्या निष्ठेपाशी. मुलगी गोष्टीत येते ती फक्त वारण्यापुरती. तिचं नाव कुणी घेत नाही, ती किती वर्षांची होती हे कुणी सांगत नाही. त्या रात्री घरी बसलेल्या लक्ष्मीबाईंबद्दल, तिच्या आईबद्दल, तर गोष्टीत चकार शब्द नसतो. नटश्रेष्ठाच्या निष्ठेवर शंका घेण्याचं कारण नाही. पण त्या काळी कंपनीचा प्रयोग रद्द होणं म्हणजे काय होतं, हे समजून घेतल्याशिवाय निष्ठा हा शब्द अर्धाच कळतो.

नाटक कंपनी हे एक फिरतं गाव होतं. नट, गवई, पेटीवाले, तबलजी, पडदे रंगवणारे, कपडेपटवाले, आचारी, पाणके, असा मोठा बारदाना एका गावातून दुसऱ्या गावात हलायचा. मुक्कामाच्या गावी एखादा वाडा भाड्याने घ्यायचा, दोन वेळच्या पंगती उठवायच्या, आणि आठवड्यातल्या दोन-तीन खेळांच्या उत्पन्नावर हा सगळा संसार चालवायचा. एक खेळ बुडाला तरी पंगत बुडत नाही. विमा नाही, शिल्लक नाही, सावकार मात्र आहे. रेल्वेमुळे मुक्कामांचा आवाका वाढला. मनमाडहून सिकंदराबादेकडे जाणारी निजामाची मीटरगेज लाइन १९०० साली सुरू झाली. मानवत रोड, सेलू, परभणी ही स्टेशनं त्याच लाइनवरची. त्यामुळे हैदराबादपर्यंतचा रस्ता सोपा झाला. कंपन्या मोठ्या झाल्या, पडदे मखमली झाले, तसं कर्जही वाढलं.

या फिरत्या गावात मुलं दोन वाटांनी यायची. एक म्हणजे गोड गळ्याची गरीब घरातली पोरं. केशवराव भोसले चौथ्या-पाचव्या वर्षीच कंपनीत आले आणि मिसरूड फुटायच्या आत 'शारदा' म्हणून घरोघर माहीत झाले. अशा पोराला जेवण, तालीम आणि घरी पाठवायला चार पैसे मिळत. कंठ फुटेपर्यंत त्याचं राज्य असे. आवाज फुटला की नायिकेची भूमिका जाई, आणि पुढे मर्दानी गळा लागला नाही तर तो मुलगा दरवानाच्या किंवा भालदाराच्या रांगेत उभा राही. केशवरावांचा गळा टिकला, त्यांनी 'ललितकलादर्श' काढली आणि १९२१ साली, एकतिसाव्या वर्षी, विषमज्वराने ते गेले. ज्यांचा गळा टिकला नाही त्यांची नावं जाहिरातींच्या कागदांबरोबर रद्दीत गेली.

दुसरी वाट म्हणजे कंपनीतच जन्मलेली किंवा आईबापाच्या बोटाला धरून आलेली मुलं. त्यांना कुणी निवडत नव्हतं. ती असायचीच. रोहिदास हवा, ध्रुव हवा, प्रल्हाद हवा, की विंगेत झोपलेलं एखादं पोर उठवायचं.

सिनेमा आला तेव्हा हा रिवाज आयता त्याच्याकडे गेला.

दादासाहेब फाळक्यांच्या 'राजा हरिश्चंद्र'मध्ये रोहिदास झाला तो त्यांचाच मुलगा भालचंद्र. चित्रपटात काम करायला मुलगा कुणी देईना. स्त्रीपात्र तर कुणीच मिळेना. ग्रँट रोडवरच्या एका हॉटेलात महिना दहा रुपयांवर काम करणारे अण्णा साळुंके पंधरा रुपयांवर तारामती झाले, ही गोष्ट सर्वांना ठाऊक आहे. भालचंद्राची गोष्ट तितकी सांगितली जात नाही. बाहेरच्या चित्रीकरणात खेळता खेळता तो खडकावर पडला आणि त्याच्या डोक्याला खोक पडली. रक्त थांबवलं, औषधपाणी झालं, पण पोराला शुद्ध येईना. पुढचा प्रसंग नेमका रोहिदासाच्या प्रेताचा होता: चितेवर निजलेला मुलगा. बरोबरची माणसं म्हणाली, थांबू या. फाळक्यांनी हिशेब केला. मुक्काम वाढला की खर्च वाढणार, आणि शुद्धीवर आलेल्या मुलाला प्रेतासारखं निपचित ठेवणं आणखी अवघड. त्यांनी बेशुद्ध मुलाला तसंच लाकडांवर निजवलं आणि कॅमेऱ्याची मूठ फिरवली.

भालचंद्र पुढे शुद्धीवर आला, म्हणून हा प्रसंग किस्सा म्हणून सांगता येतो. तो आला नसता तर भारतीय सिनेमाच्या जन्माची गोष्ट कशी सांगितली असती, याचा विचार एकदा करून पाहावा. फाळके निर्दय नव्हते. बायकोचे दागिने त्यांनी आधीच या चित्रपटात घातले होते. सरस्वतीबाई साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक करून रात्री फिल्मच्या पट्ट्यांना भोकं पाडायला बसत होत्या. सगळं घरच त्या कॅमेऱ्यासमोर किंवा त्याच्या मागे उभं होतं. मुलगाही त्या घरातलाच.

दुसऱ्या चित्रपटाला मात्र फाळक्यांना खरी स्त्री मिळाली, आणि तिच्याबरोबर तिची मुलगी.

दुर्गाबाई कामत सातवीपर्यंत शिकलेल्या. यजमान आनंद नानोसकर मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये इतिहास शिकवत. १९०३ साली नवरा-बायको वेगळे झाले. दुर्गाबाईंच्या पदरात तीन वर्षांच्या आतबाहेरची कमला होती. नवऱ्याचं घर सोडलेल्या बाईला त्या काळी दोनच कामं सहज मिळत: परक्याच्या घरची धुणीभांडी, नाहीतर माडी. दुर्गाबाईंनी तिसरी वाट धरली. त्या नाटकात उतरल्या. ब्राह्मण समाजाने त्यांना वाळीत टाकलं. पुरुषाने लुगडं नेसून सीता केली तर टाळ्या पडत, खऱ्या बाईने केली तर तो अनाचार, असा तो विचित्र न्याय होता. विचित्र आपण आज म्हणतो. तेव्हा तो सरळ न्याय होता, आणि बालगंधर्वांच्या काळात तर त्याला सौंदर्यशास्त्राचंही पाठबळ होतं.

आईबरोबर मुलगीही वाळीत गेली. कमला मुक्काम-मुक्काम फिरली. शाळेचा प्रश्न आलाच नाही. अक्षरं आईने शिकवली, बाकीचं रंगपटाने. चार-पाच वर्षांची असतानाच ती रंगमंचावर उभी राहिली. १९१३ साली चित्ताकर्षक नाटक मंडळीतल्या या मायलेकींना फाळक्यांनी आपल्या 'मोहिनी भस्मासुर'साठी घेतलं. आई पार्वती झाली. तेरा-चौदा वर्षांची मुलगी मोहिनी झाली आणि कॅमेऱ्यासमोर नाचली. भारतीय पडद्यावरची पहिली स्त्री कोण याची नोंद दुर्गाबाईंच्या नावावर आहे, पहिली बालनटी किंवा पहिली नायिका म्हणून कमलाबाईंचं नाव घेतलं जातं. प्रश्नमंजूषेला दोन उत्तरं मिळाली. त्या पोरीला हे करायचं होतं का, हा प्रश्न तिला कुणी विचारला नसणार, आणि विचारला असता तरी तिच्यापाशी दुसरं काय होतं? शाळेत नाव नव्हतं, जात-बिरादरीत जागा नव्हती. घर म्हणजे कंपनी, आणि कंपनीत फुकट कुणी जेवत नाही.

लग्नही कंपनीतच झालं. किर्लोस्कर मंडळीतून आलेले नट रघुनाथराव गोखले यांच्याशी कमलाबाईंचा विवाह झाला तेव्हा त्या पंधराच्या आसपास होत्या. नवरा-बायको एकाच नाटकात नायक-नायिका म्हणून उभे राहतात, हे त्या काळच्या मराठी प्रेक्षकाला नवीन होतं, थोडं धक्कादायकही. दहाएक वर्षं गेली. मग रघुनाथराव वारले. कमलाबाई पंचविशीत होत्या. दोन मुलगे हाताशी, तिसरं पोटात.

इथून पुढची गोष्ट मुलांची आहे.

लालजी, चंद्रकांत आणि सूर्यकांत. प्रसिद्ध आजीचे नातू, प्रसिद्ध आईचे मुलगे; पण प्रसिद्धी शिधा आणत नाही. कमलाबाई एका कंपनीतून दुसऱ्या कंपनीत गेल्या, पुरुष भूमिकाही केल्या, पुढे बोलपट आल्यावर चित्रपटांत गेल्या. मुलं त्यांच्या मागे. चंद्रकांतचा जन्म मिरजेचा, ७ जानेवारी १९२१ चा. तो एकही दिवस शाळेत गेला नाही. आईला तिच्या आईने जसं शिकवलं तसंच तिने त्याला घरी लिहायला-वाचायला शिकवलं. तीन पिढ्यांत दोन वेळा एकच गोष्ट घडली, आणि ती आवडीने घडली नव्हती. नवव्या वर्षी चंद्रकांत गडकऱ्यांच्या 'पुण्यप्रभाव'मध्ये उभा राहिला. त्या वयाची इतर मुलं पाढे म्हणत होती.

उरलेले दोघे तबल्याकडे गेले. त्यामागे आवड असेल. पण एका घरात तिघेही नट झाले तर एकाच वेळी तिघांच्याही चुली विझतात, हे कंपनीत वाढलेल्या कुणालाही सांगावं लागत नाही. आणि घडलंही तसंच. १४ मार्च १९३१ ला 'आलम आरा' लागला, पुढच्या वर्षी प्रभातचा 'अयोध्येचा राजा' आला, आणि तीन-चार वर्षांत एकेका नाटक कंपनीचे पडदे लिलावात निघाले. खुद्द बालगंधर्वांना 'धर्मात्मा'साठी १९३५ मध्ये प्रभातच्या स्टुडिओत जावं लागलं. नाटकाच्या वाद्यमेळात नोकरी करणारे कलावंत मैफलींकडे आणि रेडिओकडे वळले. गंधर्व मंडळीत वर्षानुवर्षं तबला वाजवणारे उस्ताद अहमदजान थिरकवा हे त्यातलं सर्वांत मोठं नाव, आणि लालजी गोखले त्यांचेच शागीर्द झाले. तबलजी रंगमंचावर बसतो तो कडेला. नाव घेतलं जातं ते गवयाचं, साथीदाराचं नाव निवेदकाने विसरायचं, असा जणू नियमच. मराठी माणसाला आज गोखले घराण्याची चार नावं ठाऊक असतात: दुर्गाबाई, कमलाबाई, चंद्रकांत, विक्रम. लालजी आणि सूर्यकांत ही दोन नावं तबल्याच्या जगाबाहेर फारशी निघत नाहीत.

चंद्रकांत गोखल्यांचं आयुष्य पुढे सावरलं. नाटकं, चित्रपट मिळून त्यांनी कित्येक दशकं काम केलं. १९७७ साली जयवंत दळवींचं 'बॅरिस्टर' विजया मेहतांनी बसवलं, त्यात मुलगा विक्रम मध्यवर्ती भूमिकेत आणि चंद्रकांत गोखले त्याच्यासोबत त्याच रंगमंचावर होते. विंगेत वाढलेल्या मुलाचा मुलगा आता स्वतःच्या मर्जीने तिथे आला होता, हा फरक नोंदवण्यासारखा आहे. चंद्रकांत गोखल्यांनी उतारवयात आपल्या मिळकतीतून अपंग सैनिकांसाठी पैसे दिले. पुण्यातल्या रसिकांना त्यांच्या अभिनयाइतकीच ही गोष्ट आठवते. ज्याच्या लहानपणी हक्काचं छप्पर नव्हतं त्याने असं करणं यात नवल नाही, असं म्हणायचा मोह होतो. पण छप्पर नसलेली सगळीच माणसं असं करत नाहीत. ते २००८ साली पुण्यात वारले.

कंपन्या बुडाल्या म्हणून मुलांची सुटका झाली, असं मात्र झालं नाही. फक्त मालक बदलले.

बळवंत संगीत मंडळीचे मास्टर दीनानाथ मंगेशकर २४ एप्रिल १९४२ ला पुण्यात गेले. वय एकेचाळीस. कंपनी मोडली होती, सिनेमात घातलेला पैसा बुडाला होता, मागे पाच मुलं. थोरली लता बारा वर्षांची. तिला 'पहिली मंगळागौर' या चित्रपटात काम मिळालं ते मास्टर विनायकांच्या ओळखीने. तोंडाला रंग लावणं तिला मनापासून आवडत नव्हतं, हे तिने पुढे अनेक मुलाखतींत सांगितलं आहे. या कुटुंबाचं पुढे काय झालं हे साऱ्या जगाला माहीत आहे. म्हणूनच त्याला आपण भाग्याची गोष्ट म्हणतो आणि बारा वर्षांच्या मुलीने घर चालवलं हा भाग घाईने ओलांडतो.

याच गोष्टीचं दुसरं टोक तितकं प्रसिद्ध नाही. मंगेशकरांच्या मुलांना आधार देणारे हेच मास्टर विनायक पाच वर्षांनी, १९ ऑगस्ट १९४७ ला, स्वतः गेले. देश चार दिवसांपूर्वी स्वतंत्र झाला होता. त्यांची कंपनीही कर्जातच होती. मुलगी नंदा आठ वर्षांची. वर्षभरात, १९४८ च्या 'मंदिर'मध्ये, ती 'बेबी नंदा' म्हणून पडद्यावर आली. ज्याने दुसऱ्याच्या मुलीला काम देऊन घर वाचवलं, त्याच्या मुलीला तेच करावं लागलं. नंदा पुढे हिंदी सिनेमातली मोठी नायिका झाली, भावंडांना तिने वाढवलं, लग्न केलं नाही आणि मार्च २०१४ मध्ये मुंबईत वारली. बेबी नंदा, बेबी शकुंतला, बेबी अमुक: त्या काळच्या श्रेयनामावलीतलं हे 'बेबी' लाडाचं वाटतं. बऱ्याचदा ते घरातल्या एकमेव कमावत्या माणसाच्या नावामागे लागलेलं असे.

तमाशात तर श्रेयनामावलीही नव्हती. भाऊ-बापू मांग नारायणगावकर हा गाजलेला फड. भाऊंची मुलगी विठाबाई १९३५ साली पंढरपुरात जन्मली आणि कळत्या वयापासून बोर्डावर उभी राहिली. राष्ट्रपतींकडून तिचा गौरव झाला, 'तमाशासम्राज्ञी' म्हणून अख्ख्या महाराष्ट्राने तिला डोक्यावर घेतलं. तिच्याबद्दल सर्वांत जास्त सांगितला जाणारा प्रसंग एका बाळंतपणाचा आहे. दिवस भरलेले असताना ती नाचत होती. कळा सुरू झाल्या. ती कनातीमागे गेली, मूल जन्मलं, दगडाने तिने नाळ तोडली आणि पुन्हा लुगडं सावरून प्रेक्षकांसमोर येऊन उभी राहिली. मघाशी दिसत असलेलं पोट आता नाही, हे बघून प्रेक्षकांनीच खेळ थांबवायला लावला आणि तिला विश्रांतीला पाठवलं.

मानापमानच्या रात्री प्रेक्षकांना कल्पना नव्हती. इथे होती, आणि त्यांनी खेळ सोडून दिला. प्रयोग थांबला तर प्रेक्षक रागावेल, ही भीती कलावंताची. पिटातला माणूस दर वेळी तितका कठोर नसतो, एवढं तरी यावरून दिसतं.

विठाबाई जानेवारी २००२ मध्ये वारल्या तेव्हा इस्पितळाचं बिल भागवायला लोकांना पुढे यावं लागलं. आज त्यांच्या नावाने राज्य सरकार तमाशातल्या ज्येष्ठांना जीवनगौरव पुरस्कार देतं. त्यांच्या कन्या मंगला बनसोडे यांनी स्वतःचा फड उभा केला आणि नाव कमावलं. कनातीमागे जन्मलेल्या त्या मुलाचं पुढे काय झालं, याची विचारपूस मात्र हा किस्सा सांगताना कुणी करत नाही. तिथेही गोष्ट आईच्या जिद्दीची. मूल हे त्या जिद्दीचं माप.

परभणीला लागून असलेल्या बीड जिल्ह्यात, शिरूर कासार तालुक्यातल्या ब्रह्मनाथ येळंब इथे तमाशा कलावंतांच्या मुलांसाठी 'सेवाश्रम' चालतो. फड हंगामावर निघाला की मुलं तिथे राहून शाळा शिकतात. दुर्गाबाईंना १९०३ साली असं काही मिळालं असतं, तर कदाचित भारतीय सिनेमाची पहिली बालनटी दुसरीच कुणी झाली असती, आणि कमला कामत नावाची एखादी मास्तरीणबाई गिरगावातल्या शाळेतून निवृत्त झाली असती. इतिहासाचं नुकसान झालं असतं का? झालं असतं. कमलाचं झालं असतं का, हे सांगणं अवघड आहे, कारण म्हातारपणी त्या आपल्या कामाबद्दल अभिमानानेच बोलत.

ते बोलणं ऐकता येतं. रीना मोहन यांनी नव्वदीकडे झुकलेल्या कमलाबाईंवर 'कमलाबाई' नावाचा माहितीपट केला. पुण्यातल्या घरात एकट्या राहणाऱ्या, मिश्कील, कुणाची भीड न ठेवणाऱ्या बाई त्यात दिसतात. संवाद पाठ आहेत, गाणी पाठ आहेत. शरीर थकलं तरी हात भूमिकेच्या जागी जातात. १९९८ साली त्या गेल्या.

फाळक्यांनी पुढे आपल्या मुलीलाही कॅमेऱ्यासमोर आणलं. १९१९ च्या 'कालिया मर्दन'मध्ये सात वर्षांची मंदाकिनी कृष्ण झाली. चित्रपटाच्या आरंभी ती साध्या वेशात दिसते, एकामागून एक भाव चेहऱ्यावर आणून दाखवते, हसते, रुसते, डोळे वटारते, आणि मग त्याच चेहऱ्यावर हळूहळू कृष्णाचा मुकुट उमटतो. ही फिल्म वाचली आहे. मंदाकिनीचा तो चेहरा आजही पाहता येतो. 'मोहिनी भस्मासुर' वाचलेला नाही. तेरा-चौदा वर्षांची कमला नाचली कशी, हे दाखवणारी एक फूट फिल्मही आज शिल्लक नाही.